सहा फूट चोवीस फ्रेम

“नाही आठवत,” कात्रीबाई म्हणाल्या आणि त्यांनी चहाचा कप उगाचच पाहुणीकडे दोन बोटं सरकवला.

समोर बसलेली चष्मेवाली हिरमुसली. चित्रपटांच्या संग्रहालयातून आली होती बिचारी, तीन जिने चढून, सकाळी नऊच्या ठोक्याला. तिशीची असेल. मांडीवर वही, वहीत पेन आणि चेहऱ्यावर परीक्षेला बसल्यासारखा भाव. गेले दोन महिने ती या बाईंना शोधत होती.

“मॅडम, नीट आठवून बघा ना. लॅबच्या रजिस्टरमध्ये त्या कामापुढे नाव नाहीये, नुसती कात्रीची खूण आहे. निगेटिव्ह कापणाऱ्या प्रत्येकाची एकेक खूण असायची म्हणे. मग तुमचे जुने वॉचमनकाका सापडले. ते म्हणाले, कात्री म्हणजे त्या बाई. अजून असतील तर भावाच्या घरी असतील.”

“अजून असतील तर!” स्वयंपाकघरातून वहिनींचा आवाज आला. “बघून घे गं पोरी नीट. आहेत अजून. सकाळीच दोन पोळ्या खाल्ल्यात.”

भाऊ जाऊन सहा वर्षं झाली होती. आता दोन खोल्यांत या दोघीच, सत्तरीची वहिनी आणि पासष्टीची नणंद. वहिनींच्या जिभेला हाड नव्हतं आणि कात्रीबाईंच्या जिभेला बहुधा हाडच होतं, त्यामुळे संसार बरा चालला होता.

चष्मेवालीनं पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. एक्केचाळीस वर्षांपूर्वीची फिल्म. बावीस मिनिटांची, मुकी, काळी-पांढरी. एका भाड्याच्या खोलीतलं नवंनवं जोडपं, एवढाच विषय. नवरा कधी दिसतच नाही, कारण कॅमेरा त्याच्याच हातात. दिसते ती बायको. केस धुताना, भाजी निवडताना, झोपलेली, चिडलेली, हसू दाबणारी. दिग्दर्शकानं पुढे मोठमोठ्या गोष्टी केल्या, पण जाणकार अजून याच पहिल्या फिल्मची आठवण काढतात. आणि त्यातही त्या काळोखाची. सतराव्या मिनिटाला पडदा अचानक काळा होतो. काही नाही. नुसतं काळं. मग पुन्हा खोली दिसते, आणि ती बायको खिडकीत पाठमोरी उभी असते.

“त्या काळोखावर पुस्तकांत पानंच्या पानं लिहिलीयेत,” चष्मेवाली म्हणाली. “पण तो होता किती वेळ, तेच कुणाला माहीत नाही. मूळ निगेटिव्ह तुमच्या लॅबच्या गोदामात भिजून गेलं. तीन प्रती उरल्या. एकीत काळोख चार सेकंद, एकीत सात, एकीत दोनच.”

“खेळ चालवणारे ऑपरेटर कापत असणार,” कात्रीबाई बोलून गेल्या.

“बरोब्बर! पडदा काळा झाला की शिट्ट्या पडायच्या. त्यांना वाटायचं, प्रतच खराब आहे. की टाक कापून. आता आम्ही फिल्म दुरुस्त करतोय, कायमची. सरांना विचारलं, तर एकदा म्हणाले, एका श्वासाइतका. एकदा म्हणाले, प्रेक्षक कासावीस होईपर्यंत. आता म्हणतात, चार ठेव आणि मोकळी हो. आज तीन वाजता ते येणारेत, मग शिक्कामोर्तब. म्हणून म्हटलं, जिनं निगेटिव्ह कापलं तिला तरी…”

“खूप कामं असायची तेव्हा,” कात्रीबाई म्हणाल्या. “कोण लक्षात ठेवतंय.”

चष्मेवालीनं वही मिटली. उठता उठता म्हणाली, “एक गंमत सांगू? त्यातली ती बायको मी चाळीसेक वेळा पाहिली असेल. तिच्या उजव्या कानाखालचा तीळसुद्धा पाठ आहे मला. पण ती होती कोण, कुणालाच माहीत नाही. सर नुसतं म्हणतात, ‘गेली सोडून.’”

आत स्वयंपाकघरात काहीतरी धाडकन पडलं. वहिनी दारात आल्या, त्यांनी तोंड उघडलं, नणंदेकडे पाहिलं आणि तोंड मिटलं. चाळीस वर्षांत पहिल्यांदाच असं घडलं असावं.

कात्रीबाईंचा हात मात्र आपसूक कानाखाली गेला होता. वयोमानानं तिथली कातडी लोंबली होती आणि तीळ वळीत दडला होता. मुलगी पत्ता लिहिलेला कागद टेबलावर ठेवून, चहा अर्धाच टाकून गेली.

“वन्सं,” वहिनी म्हणाल्या, “खोटं का बोललात?”

“काय खोटं बोलले?”

“तुम्हाला मागच्या जन्मातले फूट-फ्रेम आठवतात. माझ्या लग्नाची फिल्म किती फूट होती ते परवा सांगितलंत मला.”

कात्रीबाईंनी कप उचलून मोरीत नेले आणि ते फार वेळ विसळत बसल्या.

आठवत नव्हतं कसं? सहा फूट, चोवीस फ्रेम. फुटाला चाळीस, म्हणजे दोनशे चौसष्ट फ्रेम. सेकंदाला चोवीस, म्हणजे अकरा सेकंद.

तेव्हा त्या नुसत्या कात्री होत्या, ‘बाई’ नंतर लागलं. वय चोवीस, लॅबमधलं चौथं वर्ष, लग्नाचं दुसरं. नवरा तिच्याहून वर्षानं मोठा, नोकरीधंद्याचा पत्ता नाही, पण डोक्यात शंभर फिल्म. चावी देऊन चालवायचा एक जुना कॅमेरा त्यानं कुठूनसा पैदा केला होता आणि तो सतत गळ्यात. सायकल दुरुस्तीच्या दुकानावरची खोली. खिडकी एक, नळ एक, खुर्ची एक. “कात्रे, इकडे बघ,” असं म्हणायचा, आणि ती बघेपर्यंत कॅमेऱ्याची घरघर सुरू झालेली असायची. सुरुवातीला तिला ते आवडायचं, हे तिनं कधी नाकारलं नाही. आपल्याकडे इतकं कुणी बघतंय याचंच अप्रूप होतं.

मग दिवस राहिले. सातव्या महिन्यात एका सकाळी कामावर असतानाच पोटात दुखायला लागलं, आणि दुपारी हॉस्पिटलातल्या नर्सनं कापडात गुंडाळलेलं काहीतरी खोलीबाहेर नेलं. “मुलगी होती,” एवढंच म्हणाली जाताना. कात्रीनं बघू का असं विचारलं, तेव्हा ती म्हणाली, नका बघू. आणि कात्री ऐकणारी बाई होती. बघितलं नाही. नाव ठेवलं नाही. कुठला कागद झाला नाही. तीन दिवसांनी दोघं पायी घरी आले.

फिल्मचं काम थांबलं नव्हतं. नवऱ्यानं ती मित्राकडे बसून कच्च्या प्रतीवर जोडली, दोन महिने खपून, आणि एक दिवस लॅबमध्ये आणून दिली. आता त्या कच्च्या प्रतीबरहुकूम मूळ निगेटिव्ह कापायचं होतं. लॅबमध्ये कापणारे तिघं. पण घरचं काम, म्हणून ते कात्रीकडेच येणार हे उघड होतं. त्यालाही ठाऊक होतं. त्यानं आधी काही सांगितलं नाही.

पांढरे हातमोजे घालून ती टेबलाशी बसली. निगेटिव्हमध्ये सगळं उलटं दिसतं. तिचे केस पांढरे, चेहरा काळा, खिडकीतला उजेड म्हणजे काळोखाचा चौकोन. अशी स्वतःलाच नखाएवढी बघत, खुणा जुळवत, कापत जोडत ती सतराव्या मिनिटाशी आली. आणि थांबली.

हॉस्पिटलातून आल्याच्या दुसऱ्या दिवशीचं होतं ते. ती पलंगाच्या काठावर बसलेली. अंगात सुती झगा. मूल नव्हतं, पण अंगाला ते कुणी कळवलं नव्हतं. दूध आलं होतं. झग्यावर छातीशी दोन ओले डाग पसरत चालले होते आणि तिला त्याची शुद्ध नव्हती. निगेटिव्हमध्ये ते डाग पांढरे दिसत होते आणि फ्रेमागणिक मोठे होत होते. कॅमेरा दारात होता. शेवटच्या काही फ्रेममध्ये ती मान वर करून बघते. बस.

ती शेजारच्या टेबलावरचा माणूस जेवायला उठेपर्यंत थांबली. मग तिनं तो तुकडा कापला.

खरं तर दोन टोकं एकमेकांना जोडून टाकली असती, तर कुणाला पत्ता लागला नसता. बायको पलंगाशी, मग बायको खिडकीत. सरळ. पण कापणाऱ्यांचा एक धर्म असतो: काय वाटेल ते झालं तरी लांबीला हात लावायचा नाही. कच्ची प्रत जेवढी, तेवढंच निगेटिव्ह. एक फ्रेम इकडे तिकडे झाली तर पुढचं सगळं ओळीनं चुकत जातं. मुक्या फिल्मला त्यानं काही बिघडत नव्हतं, पण हाताला ते कोण सांगणार. हातानं दात्यांच्या चाकावर तुकडा मोजला, सहा फूट चोवीस फ्रेम, आणि तेवढीच कोरी पारदर्शक पट्टी त्या जागी जोडून टाकली. निगेटिव्हमध्ये कोरं घातलं की पडद्यावर काळं उमटतं. हे सगळं तिनं विचार करून केलं नाही. सवयीनं झालं. आणि जग पुढे ज्याला कला म्हणालं ती एवढीच होती.

तुकडा तिनं खोकल्याच्या गोळ्यांच्या चपट्या डबीत गुंडाळून ठेवला.

पहिला खेळ एका वाचनालयाच्या सभागृहात झाला. खुर्च्या चाळीस, माणसं तीस. पडदा काळा झाला तेव्हा शेजारी बसलेल्या नवऱ्याचा सारखा हलणारा पाय थांबला. आता उठेल, आता ओरडेल, आता विचारेल. दिवे लागले. टाळ्या थांबेनात. एक म्हातारे प्राध्यापक उभे राहिले आणि त्यांनी गहिवरून विचारलं, तो काळोख… तो का?

नवरा उठला. त्यानं एकदाच, अगदी क्षणभर, तिच्याकडे पाहिलं. मग म्हणाला, “काही गोष्टी दाखवायच्या नसतात.” आणि त्यावर चांगली पाच मिनिटं बोलला. फार सुंदर बोलला.

घरी जाताना ती वाट बघत राहिली. दुसऱ्या दिवशी बघितली. महिनाभर बघितली. तो तुकडा कुठे आहे, का काढलास, एवढं त्यानं विचारावं. भांडावं, हात उगारावा, काहीही. त्यानं कधीच विचारलं नाही. पुढच्या प्रत्येक खेळानंतर तो उठून बोलायचा आणि दर वेळी आधीपेक्षा जास्त चांगलं बोलायचा. दीड वर्षानं ती भावाकडे राहायला आली. भांडण झालंच नाही. ते झालं असतं तर निदान सांगायला कारण तरी मिळालं असतं. भावानं विचारलं, काय झालं? ती म्हणाली, काही नाही. आणि ते खरंच होतं, कारण तेव्हापासून तिला काही व्हायचंच बंद झालं होतं. लॅबमध्ये आणखी सव्वीस वर्षं काढली. लोकांची लग्नं, युद्धं, साबणाच्या जाहिराती, सगळं बिनबोभाट कापलं. लॅब बंद पडली तेव्हा बाकीच्या बायका रडल्या. हिनं आपले हातमोजे धुऊन वाळत घातले.

दुपारी दीडला कात्रीबाईंनी कपाट उघडलं. स्वेटरांच्या खाली डबी होती. झाकणाभोवती चिकटपट्टीचे तीन वेढे, पिवळे पडलेले. त्यांनी ती पिशवीत टाकली.

चार सेकंद. सकाळपासून ते डोक्यातून जात नव्हतं. कप विसळताना, जेवताना, भांडी लावताना. त्या न बघितलेल्या पोरीला जगात कुठे जागा नव्हती. ना नाव, ना कागद, ना माती. होती ती एवढीच, पडद्यावरची अकरा सेकंदांची, आणि तीही इतकी वर्षं दुसऱ्याच्या नावावर. तीही आता चारवर आणून कायमची कुलूपबंद करणार होते. दुःख झालं का? नाही. पण हाताला सहन होईना. माप चुकत होतं.

“कुठे निघालात?” वहिनी.

“माप द्यायला.”

“शिंप्याकडे?”

“तसंच समजा.”

वहिनींनी आणखी विचारलं नाही. छत्री घेतलीत का, एवढं मात्र विचारलं, आणि ऊन असताना ती जबरदस्तीनं हातात दिली.

संग्रहालयाची खोली थंडगार होती. भिंतीला पत्र्याच्या गोल डब्यांच्या उतरंडी, मधोमध एक लांब टेबल, त्यावर काचेखाली दिवा आणि कडेला दात्यांचं चाक. तेच चाक. चार खाचांचं, बाजूला आकडे फिरणारं. कात्रीबाईंना सगळ्यात आधी ओळख पटली ती त्याची.

तो टेबलाशी पाठमोरा बसला होता. खांदे उतरलेले, हातात काठी. चष्मेवाली त्याला सांगत होती, “सर, चार म्हणजे मग शहाण्णव फ्रेम धरते.”

“धर, धर. चार पुष्कळ झाले. आता लोकांना धीर कुठे आहे.”

“अकरा,” कात्रीबाई दारातून म्हणाल्या.

चष्मेवाली चमकली. त्यानं मान वळवली, पण नजर चुकीच्या जागी, दोन हात डावीकडे, कपाटावर जाऊन थांबली. त्याला दिसत नव्हतं. निदान धड दिसत नव्हतं.

“कात्री?” तो म्हणाला.

“हो.”

“अगं… किती वर्षांनी. ये, ये. बस ना. ही आमची सगळी कामं करते,” त्यानं अंदाजानं चष्मेवालीकडे हात केला. “आणि ही कात्री. हिनं कापलीये फिल्म.”

एवढीच ओळख करून दिली. चष्मेवाली मात्र आता कात्रीबाईंच्या कानाकडे बघत होती. मग चेहऱ्याकडे. तिचं तोंड हळूहळू उघडलं. कात्रीबाईंनी नुसती मान हलवली, ‘बोलू नकोस’ म्हणताना हलवतात तशी, आणि ती मुलगी शहाणी निघाली. “मी चहाचं बघते,” असं पुटपुटून बाहेर गेली.

“अकरा फार होतात गं,” तो म्हणाला.

“तेवढेच होते.”

“मी तुला अकरा सांगितले होते?”

कात्रीबाईंनी त्याच्या चेहऱ्याकडे निरखून पाहिलं. इतकी वर्षं त्या धरून चालल्या होत्या की हा माणूस उभ्या उभ्या खोटं बोलतो. पण या चेहऱ्यावर खोटं नव्हतं. एक्केचाळीस वर्षं बोलून बोलून त्याचं त्यालाच खरं झालं होतं. त्याला खरोखर वाटत होतं की काळोख त्यानंच सांगून घालून घेतला.

“नाही,” त्या म्हणाल्या. “तू काही सांगितलं नव्हतंस.”

तो काठीची मूठ अंगठ्यानं घासत राहिला. मग म्हणाला, “तिथे… आधी काही होतं का गं?”

आला प्रश्न. पहिल्या वर्षी या प्रश्नाला त्यांच्याकडे तासभराचं उत्तर होतं, किंचाळून द्यायचं. मग रडत द्यायचं. मग तुसडेपणानं, दोन वाक्यांत. त्या मनातल्या मनात ते घोटत राहिल्या होत्या, भाजी चिरताना, बसथांब्यावर, लोकांच्या फिल्म कापताना. आता आत शोधलं तर एकही सापडेना. उरलं होतं ते फक्त काय घडलं तेवढं.

“दूध आलं होतं मला. हॉस्पिटलातून आल्यावर. झगा भिजला होता. तू दारातून घेतलंस.”

खोलीत वातानुकूलनाची घरघर चालू होती. तो म्हणाला, “कॅमेरा चालू ठेवला मी?”

“हो.”

“बंद नाही केला?”

“चावी संपली तेव्हा थांबला. म्हणून अकरा.”

त्यानं मान खाली घातली. त्याचे ओठ हलले, पण शब्द काही आला नाही. सभागृहंच्या सभागृहं गप्प करणारा माणूस, आणि आता त्याला एक वाक्य जुळवता येईना. कात्रीबाईंना त्याची दया यायला हवी होती, किंवा बरं तरी वाटायला हवं होतं. दोन्ही झालं नाही. एवढंच दिसलं की त्याच्या सदऱ्याचं एक बटण चुकीच्या काजात गेलंय.

“विसरलो गं मी,” तो म्हणाला. “कसा विसरलो? मुलगी होती ना?”

“मुलगी होती.”

“आणि तो तुकडा? टाकलास?”

“आहे.”

त्यानं झटकन मान वर केली, आणि त्या विझल्या डोळ्यांत कात्रीबाईंना जुनी ओळखीची चमक दिसली. कात्रे, इकडे बघ. “आहे? मग लावू या ना! त्याच्या जागेवर. आता तर सगळं नीट करतोयच आपण. लोकांना कळू दे तिथे काय—”

“नाही.”

“अगं पण ते खरं आहे—”

“ते माझं आहे,” कात्रीबाई म्हणाल्या. आवाज चढला नव्हता. “तू दाखवायच्या नसतात म्हणालास ना? मग नाही दाखवायची. फक्त जागा पुरी ठेव.”

चष्मेवाली तीन कप घेऊन दारात उभी होती. किती ऐकलं कोण जाणे. तिनं कप ठेवले आणि दोघांकडेही न बघता म्हणाली, “सर, आमचा नियम आहे. पहिल्या खेळाला जशी दाखवली गेली, तशीच ठेवायची. पहिल्या खेळाला काळंच होतं.” मग कात्रीबाईंकडे वळली. “फक्त लांबीला काहीतरी पुरावा लागेल, काकू. नुसतं आठवतं म्हणून नाही लिहिता येत.”

सकाळची मॅडम दुपारी काकू झाली होती.

कात्रीबाईंनी पिशवीतून डबी काढली. चिकटपट्टी सोलली. झाकण उघडताच आंबूस वास खोलीभर झाला आणि चष्मेवालीनं चटकन मान पुढे केली.

“अरे देवा. बंद करून ठेवली होती? काकू, फिल्मला हवा लागते. कोंडली की स्वतःच्याच वाफेनं सडते. तुम्हाला तर…”

“माहितीये,” कात्रीबाई म्हणाल्या.

लॅबमध्ये पहिल्या दिवशी शिकवतात ते हेच. झाकण कधी घट्ट लावू नका. नवीन आलेल्या कितीतरी पोरींना त्यांनी स्वतः हे बजावलं होतं, कुणाकुणाची डबी सैल करून दिली होती. आणि घरी कपाटात ही, तीन वेढ्यांची.

चष्मेवालीनं हातमोजे पुढे केले. कात्रीबाईंनी ते घातले, बोटं नीट बसवली. मुलगी काचेखालचा दिवा लावायला गेली.

“तो नको लावूस.”

“पण मग दिसणार…”

“भोकं हाताला लागतात.”

दिवा लागला नाही. कात्रीबाईंनी तुकडा उलगडला. तो वाळून किंचित वाकडा झाला होता, कडा कुरकुरत होत्या. चष्मेवालीनं आधी फूटपट्टी लावली, आणि मोजून हळूच म्हणाली, “काकू, थोडी कमी भरतेय. अकरा नाही होत. दोन-तीन फ्रेम कमी.”

“आखडलीये ती. इतकी वर्षं झाली, आखडणारच. लांबी नको धरूस. एका फ्रेमला एक भोक. भोकं मोज.”

त्यांनी टोक चाकाच्या दात्यांवर बसवलं, खटका लावला आणि तळहातानं चाक फिरवायला सुरुवात केली. टिक, टिक, टिक. अंधूक खोलीत तो आवाज फार ओळखीचा वाटत होता. चष्मेवाली आकड्याच्या खिडकीवर डोळे लावून बसली होती. तुकड्याकडे तिनं एकदाही पाहिलं नाही. तो टेबलाच्या पलीकडे, कान तिकडे करून, काठीवर हनुवटी टेकून बसला होता. एक फूट. दोन फूट. पाचव्या फुटाशी एक भोक फाटलेलं होतं. कात्रीबाईंनी वेग कमी केला आणि अंगठ्यानं धरून ते अलगद पार केलं.

“किती झाले?” त्यानं विचारलं.

चाक फिरत राहिलं आणि शेवटचं भोक दात्यावरून सुटलं.

“सहा फूट,” चष्मेवालीनं वाचलं, “चोवीस फ्रेम.” तिनं वहीत लिहिलं. मग पेन तसंच धरून विचारलं, “माप कुणी दिलं, तिथे काय लिहू?”

कात्रीबाईंनी तिच्या हातातून पेन घेतलं आणि त्या रकान्यात एक छोटी कात्री काढली. सवयीनं, दोन रेघा आणि दोन गोळे.

निघताना तो म्हणाला, “कात्रे.” त्या थांबल्या. मग वाकून त्याचं चुकलेलं बटण काढून बरोबर काजात घातलं, आणि तुकड्याची डबी नि छत्री घेऊन बाहेर पडल्या. वाटेत त्यांच्या लक्षात आलं की हातमोजे हातातच राहिलेत.

घरी वहिनी दारातच होत्या. “दिलंत माप?”

“दिलं.”

“बसलं बरोबर?”

“बसलं.”

वहिनी आणखी काहीतरी विचारणार होत्या, पण नणंदेच्या हातातले पांढरे मोजे बघून थांबल्या. त्या गॅसकडे वळल्या.

कात्रीबाईंनी कपाट उघडलं. डबी स्वेटरांच्या खाली घालता घालता पुन्हा बाहेर काढली आणि खिडकीशेजारच्या फळीवर ठेवली, चष्म्याच्या घराशेजारी. झाकण वर टेकवलं. दाबलं नाही. एका बाजूनं बोटभर फट राहू दिली.

थोड्या वेळानं वहिनी हात पुसत खोलीत आल्या आणि नाक वर करून हुंगू लागल्या.

“कसला हो आंबूस वास येतोय, वन्सं?”

“जाईल दोन दिवसांत,” कात्रीबाई म्हणाल्या. त्या पलंगाच्या काठावर बसल्या होत्या, मोजे अजून काढले नव्हते. “हवा लागतेय तिला.”